मामाजींचं वावर परत उघडून देणारं दारव्ह्याचं दुकान

यवतमाळ जिल्ह्यातल्या दारव्ह्यात शकुंतला रेल्वेच्या जुन्या मोतीबाग स्टेशनाकडं जाणाऱ्या रस्त्याला, एका कृषी केंद्राच्या भिंतीला लागून कॉम्प्युटर दुरुस्तीचं छोटं दुकान आहे. बोर्डावरची अक्षरं उन्हानं उडाली आहेत, नावानं विचाराल तर कोणी सांगणार नाही. ‘कॉम्प्युटरवाल्या भाऊचं दुकान’ म्हणा, पोरगंही नेऊन सोडेल. मार्च २०२५ मध्ये आमचा कॉम्प्युटर तिथं तीन दिवस होता. काम एवढंच की एक गेम उघडत नव्हता. गेमसाठी एवढी धावपळ कशाला, असं आमच्या बचत गटातल्या बायकांनीही विचारलं. म्हणून तो गेम आमच्या घरी कोण खेळतं ते आधी सांगते.

माझे सासरे, म्हणजे आमचे मामाजी, त्र्याहत्तर वर्षांचे आहेत. सात एकरांचे कास्तकार. दोन पावसाळ्यांआधी गोठ्यात पाय घसरला आणि खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन चांगलं झालं, काठी घेऊन अंगणात फिरतात, पण ढेकळांतून चालायचं नाही असं डॉक्टरांनी बजावलं. वावर गावापासून तीन किलोमीटरवर. पन्नास वर्षं रोज सकाळी वावर पाहिलेला माणूस ओसरीत बसून येणाऱ्या-जाणाऱ्याला विचारायचा, “तिकडं पाणी आलं का गा?” जेवण अर्ध्यावर आलं होतं. रात्री झोपेत बैलांना हाका मारायचे, आणि आमच्याकडं आता बैल नाहीत.

२०२४ च्या दिवाळीत धाकटे भाऊजी पुण्याहून आले आणि पुतण्यासाठी त्यांनी कॉम्प्युटरवर ‘फार्मिंग सिम्युलेटर १९’ टाकून दिला. स्वित्झर्लंडच्या कंपनीनं २०१८ साली काढलेला शेतीचा गेम आहे. नांगरायचं, पेरायचं, तण काढायचं, कापायचं, माल नेऊन विकायचा, आलेल्या पैशात पुढचं अवजार घ्यायचं. गहू, मका, ऊस, सूर्यफूल आहे, आणि आमच्या कामाचं म्हणजे सोयाबीन आणि कापूस, दोन्ही आहेत. तूर नाही, त्याचं मामाजींना अजून वाईट वाटतं. आधी ते खाटेवरून नुसतं पाहायचे. चौथ्या दिवशी खुर्ची ओढून पोराच्या शेजारी बसले. आठव्या दिवशी म्हणाले, “सरक तू, मले धरू दे.”

ट्रॅक्टर हाकायच्या डब्ल्यू, ए, एस, डी या चार बटणांवर मी लाल नेलपॉलिशचे ठिपके लावून दिले. एच दाबलं की गेममधला मजूर येऊन ट्रॅक्टर हाकतो. मामाजी त्याला सालदार म्हणतात आणि त्याची ओळ वाकडी गेली की रागावतात. कापूस पहिल्यांदा तयार झाला तेव्हा त्यांनी मला वाटीत दहीभात आणायला लावला. सीतादही केल्याशिवाय कापसाला हात लावायचा नाही, म्हणाले. वाटी मॉनिटरसमोर ठेवली, हात जोडले आणि मग कापूस काढायचं मशीन सुरू केलं. ते मशीन ओळीच्या ओळी साफ करत गेलं आणि मागून भला मोठा गठ्ठा सोडला. बराच वेळ बोलले नाहीत. मग हळूच म्हणाले, “याच्यात बोंडअळी नाही बाप्पा.” त्या रात्री दोन भाकरी खाल्ल्या. या गेमबद्दल मला जे वाटतं ते त्या दोन भाकरींमुळं वाटतं.

तर होळीच्या आठवड्यात हे बंद पडलं. संध्याकाळी मामाजी सोयाबीन कापत होते. लाईन गेली, दोन मिनिटांनी आली, परत गेली. यूपीएसची बॅटरी आधीच दमलेली, तिनं दहा सेकंदही धरलं नाही. दुसऱ्या दिवशी मशीन सुरू केलं तर काळ्या पडद्यावर आलं की तारीख-वेळ बसलेली नाही, एफ वन दाबा. मुलानं दाबलं. विंडोज उघडलं, पण स्टीम, म्हणजे ज्या ऑनलाइन दुकानातून गेम घेतला, ते जोडलंच जाईना, आणि ब्राउझरमध्ये प्रत्येक पानावर ‘सुरक्षित नाही’ची पाटी. मुलानं तारीख हातानं बसवली, तेव्हा स्टीम जोडलं गेलं. गेमही सुरू झाला, पण नकाशा भरतानाची पट्टी अर्ध्याच्या थोडी पुढं जाऊन थांबली. अर्धा तास बसलो, पट्टी तिथंच. दुसऱ्या सकाळी तारीख परत मागं गेलेली, पट्टीचंही तेच. एकदा पट्टी पोहोचायच्या आधीच अख्खं मशीनच बंद झालं. चार दिवसांत दर वेळी नवं काहीतरी. मामाजी दुपारी चहा झाला की विचारायचे, “आलं का वावर?” पोरगा मान खाली घालायचा.

मिस्टरांनी कॅबिनेट चादरीत गुंडाळून यष्टीनं यवतमाळला एका मोठ्या दुकानात नेलं. दुकानाचं नाव लिहीत नाही. तिथं दहा मिनिटांत सांगितलं, ग्राफिक्स कार्ड गेलं, विंडोज खराब आहे, फॉरमॅट मारून नवीन कार्ड टाकू, अकरा हजार होतील. आतल्या फायलींचं काय, तर सगळं जाईल. बचत गटाचा हिशोब माझ्याकडं पेनड्राइव्हवर होता. पण मामाजींचं वावर, म्हणजे गेमनं जपून ठेवलेली त्यांची पाच महिन्यांची शेती, फक्त त्या मशीनमध्ये होती. ती गेली असती तर त्यांना पहिल्या एकरापासून सुरू करावं लागलं असतं. मिस्टर बघायचे तीनशे रुपये देऊन मशीन तसंच परत घेऊन आले. एवढ्या एका गोष्टीसाठी मी त्यांची आयुष्यभर ऋणी राहीन.

दारव्ह्याच्या दुकानाचं नाव माझ्या बहिणीच्या जावेनं सुचवलं. भाऊ तिशीचा असेल. त्यानं मशीन उघडलं नाही, सुरूही केलं नाही. आधी वही काढली आणि विचारलं, “ताई, शेवटचं नीट चाललं, त्याच्यानंतर घरात काय काय झालं? गेमचंच नाही, सगळं सांगा.” मी लाईन गेल्याचं सांगितलं. मुलानं सांगितलं की त्याच आठवड्यात त्यानं गेममध्ये काही नवे मॉड टाकले होते. मॉड म्हणजे लोकांनी बनवलेली जास्तीची अवजारं आणि ट्रॅक्टर. हे त्यानं घरी कोणालाच सांगितलं नव्हतं. भाऊ त्याच्यावर ओरडला नाही, नुसतं लिहून घेतलं. मग पहिलं काम केलं ते असं की मामाजींच्या सेव्हचं फोल्डर दोन पेनड्राइव्हवर उतरवलं. एक मला दिला, एक ड्रॉवरमध्ये ठेवला. “आता वावर सुरक्षित आहे. बाकीचं निवांत पाहू.” मला तिथंच रडू आलं होतं.

तारखेचा घोळ त्यानं पाच मिनिटांत पकडला. मशीनमधल्या घड्याळानं १ जानेवारी २०१२ दाखवलं. त्यानं मला विचारलं, “रात्री प्लग काढून ठेवता का?” हो, रोज काढते. शेजारच्यांचा टीव्ही विजेनं जळला तेव्हापासून सवय आहे. त्यानं समजावलं ते मला लगेच पटलं. मदरबोर्डवर रुपयाच्या नाण्याएवढी तीन व्होल्टची बॅटरी असते, सीआर २०३२. प्लग लावलेला असला तर मशीन बंद असतानाही थोडी वीज बोर्डापर्यंत जाते आणि घड्याळ चालत राहतं. प्लग काढला की सगळा भार त्या बॅटरीवर. ती मेली की सकाळी घड्याळ पहिल्या दिवसावर. आणि वेबसाइटच्या सुरक्षा प्रमाणपत्राला मुदत असते, अमुक तारखेपासून अमुक तारखेपर्यंत. कॉम्प्युटर स्वतःला २०१२ मध्ये समजत असेल तर आजचं प्रमाणपत्र त्याला अजून लागू न झालेलं दिसतं, म्हणून तो कोणावरच विश्वास ठेवत नाही. स्टीमवरही नाही. चाळीस रुपयांची बॅटरी. यवतमाळला ती कोणी पाहिलीच नाही.

आमचं ग्राफिक्स कार्डही त्यानं काढून स्वतःच्या मशीनला लावलं आणि तासभर चालवलं. कार्ड धडधाकट. दोन जीबीचं जीटी १०३० आहे, भाऊजींनीच लावून दिलेलं. फक्त तीस वॅट घेतं, वेगळी वायर लागत नाही, त्यामुळं ऑफिसातून निघालेल्या जुन्या मशीनमध्ये बसतं. कोणी हे कार्ड घेणार असेल तर त्यानं सांगितलेली एक गोष्ट लिहून ठेवा. याच नावाचं कार्ड दोन प्रकारच्या मेमरीत मिळतं, जीडीडीआर ५ आणि डीडीआर ४. डीडीआर ४ वालं बरंच हळू आहे. डब्यावर वाचल्याशिवाय पैसे देऊ नका.

पट्टी अडकण्याचं कारण मात्र वेळखाऊ होतं, आणि त्या कामामुळंच मी या दुकानाबद्दल लिहायला बसले. आधी त्यानं स्टीममधून गेमच्या सगळ्या फायली तपासायला लावल्या. दोन खराब निघाल्या, परत उतरवल्या गेल्या. लाईन जाताना डिस्कवरचं काम अर्धवट राहिलं की असं होऊ शकतं, म्हणाला. गेम लावला. पट्टी तिथंच अडली. मग त्यानं डॉक्युमेंट्समध्ये ‘माय गेम्स’ उघडलं, त्यात या गेमचं फोल्डर, त्यात लॉग नावाची साधी फाइल. गेम सुरू होताना काय काय उघडलं, कुठं अडलं, हे सगळं तो त्या फाइलमध्ये लिहीत जातो. माझ्या मुलाला तिचा पत्ता नव्हता, यवतमाळच्या दुकानात तर ती कोणी उघडलीच नाही. भाऊनं माझ्या मुलाला शेजारी स्टुलावर बसवलं आणि म्हणाला, “हे पाय. गेम आपल्याले सांगून राहिला का त्याचं काय दुखते. आपण वाचतच नाही.”

लॉगमध्ये एका मॉडपुढं लिहिलं होतं की त्याची आवृत्ती चालत नाही. मुलगा लगेच म्हणाला, हाच तो. भाऊ म्हणाला, नाही. तो २०१७ च्या गेमसाठी बनवलेला मॉड होता. मॉड गेमच्या कुठल्या आवृत्तीसाठी बनवला त्याचा क्रमांक प्रत्येक मॉडच्या आत असतो आणि तो जुळला नाही तर गेम त्याला बाजूला ठेवून पुढं जातो. चूक दिसते, पण गाडी तिच्यामुळं थांबत नाही. थांबली कुठं ते पाहायला शेवटाकडं जायचं. शेवटी एकच ओळ शेकडो वेळा आली होती, लुआ नावाच्या प्रोग्रामिंगच्या भाषेतल्या एका कामाची चूक, आणि प्रत्येक वेळी खाली एका ट्रॉलीच्या मॉडचं नाव.

तरीही त्यानं त्या नावावर डोळे मिटून विश्वास ठेवला नाही. मॉडचं अख्खं फोल्डर डेस्कटॉपवर काढून ठेवलं आणि गेम नुसता लावला. पट्टी सरळ शेवटपर्यंत गेली. मग चौदा मॉडपैकी सात परत टाकले, लावला, चालला. उरलेल्या सातांतले चार टाकले, अडला. असं अर्धं-अर्धं करत तो त्याच ट्रॉलीवर आला. आणखी एक मॉड त्या ट्रॉलीच्या भांडणात होता, तोही काढला. दोन्ही मुलानं कुठल्याशा साइटवरून घेतले होते. गेमच्या स्वतःच्या मॉडहबवर जे मॉड असतात ते कंपनी तपासून मग ठेवते, तिथलेच घे, एवढं त्याला समजावलं. हे सगळं चालू असताना दोन तास गेले आणि दुकानात तीन गिऱ्हाइकं ताटकळत होती. त्यानं घाई केली नाही. माझा पोरगा शाळेत कधी इतका वेळ एका जागी बसल्याचं मी ऐकलेलं नाही.

आम्ही घरी न्यायला निघालो तर त्यानं थांबवलं. तुम्ही म्हणालात एकदा मशीनच बंद झालं, ते अजून सुटलं नाही, म्हणाला. गेम चालू ठेवला. वीस मिनिटांनी प्रोसेसरचं तापमान ९४ अंशांवर गेलं आणि मशीन बंद. कॅबिनेटची बाजू परत उघडली, या वेळी प्रोसेसरकडं निरखून पाहिलं आणि आम्ही तिघंही पाहतच राहिलो. पंख्याच्या खाली, प्रोसेसरची उष्णता ओढून घेणाऱ्या हीटसिंकच्या पात्यांत, गोधडीसारखा पांढरा थर. कापूस.

आमच्याकडं कॉम्प्युटर मधल्या खोलीत आहे. त्या वर्षी लांब धाग्याच्या कापसाचा हमीभाव ७,५२१ रुपये होता आणि खेडा खरेदीवाले त्याच्या खालीच बोलत होते, म्हणून वेचलेला कापूस आम्ही त्याच खोलीत छताला टेकेपर्यंत रचून ठेवला होता. डिसेंबर ते मार्च. पंखा दिवसभर हवा ओढतो, हवेबरोबर तंतू ओढतो. आमच्या अंगाला खाज यायची, लेकराला खोकला यायचा, पण मशीनच्या आत काय होत असेल हे मनातच आलं नाही. ज्या-ज्या घरात कापूस भरून ठेवतात त्यांनी हे वाचावं अशी माझी फार इच्छा आहे. कॉम्प्युटर त्या खोलीतून हलवा. हलवता येत नसेल तर महिन्यातून एकदा उघडून बघा.

भाऊनं आधी चिमट्यानं थर काढला, मग पंख्यात पेन्सिल अडकवून ब्लोअर मारला. पंखा हवेनं भन्नाट फिरला तर त्याची बेअरिंग खराब होते, म्हणून पेन्सिल. प्रोसेसर आणि हीटसिंकच्या मधली जुनी पेस्ट दगडासारखी झाली होती, ती पुसून नवी लावली. परत तासभर गेम. तापमान ६५ च्या वर गेलं नाही. मग म्हणाला, न्या.

पैसे सांगते. बॅटरी ४० रुपये, सफाई आणि पेस्ट ३५०, तपासणी आणि बाकीचं काम ३००. एकूण ६९०. यूपीएसमध्ये बारा व्होल्ट सात एएचची नवी बॅटरी मी स्वतःहून टाकून घेतली, तिचे ९५० वेगळे. नवीन कार्ड, नवीन रॅम, काही म्हणजे काही गळ्यात मारलं नाही. मी विचारलं, यवतमाळवाले तर अकरा हजार म्हणाले होते. त्या दुकानाबद्दल तो वाईट बोलला नाही. एवढंच म्हणाला, “लॉग पाहायला वेळ लागते ताई, अन् वेळेचे पैसे कोणी देत नाही.” मी त्याला जास्तीचे शंभर देऊ केले, ते त्यानं घेतले, आणि मला त्याचं बरं वाटलं.

आता जे आवडलं नाही तेही लिहिते, नाहीतर हे वाचून जाल आणि मला बोल लावाल. उद्या देतो म्हणाला आणि तीन दिवस लागले. आमच्या गावाहून दारव्ह्याला यायला सकाळी एक आणि दुपारी एकच गाडी आहे, एक फेरा फुकट गेला म्हणजे अख्खा दिवस गेला. वेळ लागणार होता तर पहिल्याच दिवशी सांगायला हवं होतं. फोन उचलत नाही. हातात काम असतं हे खरं, पण संध्याकाळी तरी परत लावावा. पक्कं बिल मिळालं नाही, डायरीच्या पानावर लिहून दिलं. मला ते गटाच्या खर्चात दाखवायचं नव्हतं म्हणून चाललं, पण शाळेचं किंवा ग्रामपंचायतीचं मशीन असेल तर अडचण होईल. बसायला दोन स्टुलं आहेत आणि शेजारच्या कृषी केंद्रातल्या औषधांचा वास थेट आत येतो. दम्याच्या माणसानं मशीन ठेवून बाहेर झाडाखाली थांबावं.

मशीन घरी आलं तेव्हा मामाजी आंघोळ करून, धुतलेला सदरा घालून खुर्चीवर बसले होते. पट्टी पूर्ण भरली. त्यांचं सोयाबीन लाईन गेली त्या जागी, अर्धं कापलेलं, तसंच उभं होतं. त्यांनी पहिल्यांदा धुऱ्याधुऱ्यानं अख्खं वावर फिरून पाहिलं, मगच एच दाबलं.

पोळ्याच्या सुमारास एकदा परत पट्टी अडली. आम्ही भाऊला फोन लावला, नेहमीप्रमाणं उचलला नाही. तेवढ्यात मुलानं लॉग उघडला, शेवटच्या ओळी वाचल्या, नवीन टाकलेला नांगर काढून ठेवला आणि अर्ध्या तासात मामाजींना हाक मारली. रात्री नऊला भाऊचा फोन आला, काय झालं होतं विचारायला. मुलानं सांगितलं तेव्हा पलीकडून तो म्हणाला, “बरोबर केलंस.” मुलगा दोन दिवस तेच सांगत होता.

जायचं असेल तर फक्त कॅबिनेट न्या, मॉनिटर आणि कीबोर्ड त्याच्याकडं आहेत. पॉवर केबल आपली न्या, पेनड्राइव्ह दोन न्या. गेमचं काम असेल तर स्टीमचा पासवर्ड लागेल. तो स्वतः टाइप करा. भाऊ तेवढा वेळ तोंड फिरवून रस्त्याकडं पाहत उभा राहतो.